इंग्रजी नको, मग शब्दच नकोत

संवाद नसलेला लघुपट पाहिला की आपण सहज म्हणतो, ‘अगदी मूकपटासारखा!’ पण हे नातं दिसतं तितकं सरळ नाही. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) मुका होता, कारण दुसरा इलाजच नव्हता. तोही पडद्यावरच्या पाट्या वाचत वाचत पाहिला जाई. १९३१मध्ये ‘आलम आरा’ आला, पडदा बोलू लागला, आणि त्यानंतर कुणी गप्प राहिलं तर ते ठरवून.

कधीकधी मात्र ते ठरवणंही अडचणीतून आलेलं असतं. १९६४मध्ये ‘एस्सो वर्ल्ड थिएटर’ या अमेरिकी टीव्ही मालिकेसाठी सत्यजित राय यांच्याकडे एक लघुपट मागण्यात आला. गोष्ट बंगालमधली, पण भाषा इंग्रजी हवी होती. मूकपटांवर मनापासून प्रेम करणाऱ्या राय यांनी संवादच काढून टाकले. ‘टू’ असा झाला.

मोठ्या घरात खेळण्यांच्या गराड्यात एकटाच असलेला मुलगा आणि खिडकीखाली झोपडीतलं पोर. खालून बासरी वाजते, तर वरून खेळण्यातलं बिगुल. ढोलकं, मुखवटे, तलवारी, सगळ्यांत चढाओढ. खालच्या पोराचा पतंग वर चढतो, तेव्हा वरचा मुलगा तो बंदुकीने फाडतो. मग खेळायला कुणीच उरत नाही. तो सगळी खेळणी एकदम चालू करतो, पण त्या गोंगाटातूनही बासरी ऐकू येतेच. इथेच ‘टू’ मूकपटापासून वेगळा होतो. मुलाचा एकटेपणा आपल्याला मुख्यतः ऐकू येतो, आणि हे फाळक्यांच्या काळात साधणं शक्यच नव्हतं. शेवटी चालता रोबो ठोकळ्यांचा मनोरा पाडतो, पोरगा नुसता बसून राहतो.

त्याआधी १९५६मध्ये फ्रान्सच्या आल्बेर लामोरिस यांनी ‘द रेड बलून’ या लघुपटात पॅरिसच्या गल्ल्यांतून एका मुलामागे लाल फुगा फिरवला होता. ३४ मिनिटांत संवाद जेमतेम, आणि ऑस्कर मिळालं ते पटकथेचं! लिहिणं म्हणजे संवाद लिहिणं, असं मानणाऱ्यांनी हे जरूर लक्षात ठेवावं.

आपल्या जवळचं उदाहरण मुंबईच्या जे.जे. कलासंस्थेत शिकलेल्या गीतांजली राव यांचं. ‘प्रिंटेड रेनबो’ (२००६) हा पंधरा मिनिटांचा अ‍ॅनिमेशनपट त्यांनी जवळजवळ एकटीनेच रंगवला. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहात त्याचं कौतुक झालं. त्यातल्या म्हातारीला सोबत फक्त मांजराची. घर करडं, दिवस करडे. रंग आहेत ते तिने जमवलेल्या काडेपेट्यांच्या छापांवर, आणि मांजराला घेऊन ती तिथेच फिरायला जाते.