पिएर मासे: धरणातल्या पाण्याची किंमत काढणारा इंजिनिअर

जैतापूरच्या अणुप्रकल्पामुळे ‘ईडीएफ’ हे नाव कोकणात पोचलं. सहा अणुभट्ट्यांसाठीचा प्रस्ताव या फ्रेंच सरकारी वीज कंपनीने एप्रिल 2021 मध्ये सादर केला. आज अणुऊर्जेसाठी ओळखली जाणारी ही कंपनी घडली मात्र धरणांच्या काळात. आधी हिशेब, मग बांधकाम ही शिस्त तिला लावणाऱ्यांमध्ये पिएर मासे यांचं नाव बरंच वर येतं.

मासे यांचा जन्म 1898 चा, पॅरिसचा. एकोल पॉलितेक्निकमधून शिकून ते इंजिनिअर झाले आणि जलविद्युतच्या धंद्यात शिरले. तेव्हा फ्रान्समध्ये वीज खासगी कंपन्यांकडे होती. 8 एप्रिल 1946 च्या कायद्याने हजारावर कंपन्यांचं राष्ट्रीयीकरण झालं, ईडीएफ जन्माला आली आणि मासे तिथे नव्या प्रकल्पांच्या उभारणीचे प्रमुख झाले.

त्याच वर्षी त्यांचं जलाशयांवरचं पुस्तक आलं. प्रश्न दिसायला साधा होता. धरणातलं पाणी आज टर्बाइनवर सोडलं तर आजचा कोळसा वाचतो. राखून ठेवलं तर हिवाळ्यात, विजेची मागणी चढते तेव्हा, जास्त महागडा कोळसा वाचू शकतो. पण बेगमी करण्याच्या नादात धरण भरलेलं राहिलं आणि बर्फ वितळून पाणी आलं, तर ते सांडव्यावरून फुकट जातं. पुढे किती पाणी येईल हे तर कुणालाच ठाऊक नसतं. मासे यांनी ही अनिश्चितता गणितात धरली आणि साठवलेल्या पाण्याची किंमत पुढे होऊ शकणाऱ्या बचतीवरून ठरवली. आजचा निर्णय त्याच्या पुढच्या परिणामांसकट, टप्प्याटप्प्याने मोजायचा, या पुढे ‘डायनॅमिक प्रोग्रॅमिंग’ म्हणून गाजलेल्या पद्धतीचा गाभा यात आधीच दिसतो.

प्रकल्प निवडतानाही तोच खाक्या. धरण भव्य आहे म्हणून मंजूर नाही. तेवढीच वीज औष्णिक केंद्रातून काढायला काय पडेल, त्याच्याशी तुलना करायची. धरण म्हटलं की नारळ फोडायला धावणाऱ्या राजकारण्यांना हे कसं रुचलं असेल, देव जाणे.

1959 मध्ये ते देशाच्या नियोजन मंडळाचे प्रमुख झाले. 1963 च्या खाणकामगारांच्या संपात सरकारने नेमलेल्या तीन जाणत्यांच्या समितीत ते होते. खाणकामगारांची मजुरी इतरांच्या मानाने मागे पडली आहे, हे समितीने मान्य केलं.

1965 ते 1969 ते ईडीएफचे अध्यक्ष होते. याच काळात, 1966 मध्ये, रांस नदीच्या मुखाशी भरती-ओहोटीवर चालणारं 240 मेगावॉटचं केंद्र सुरू झालं. प्रकल्प देखणा, पण महागडा. त्या तोडीचं दुसरं केंद्र फ्रान्सने बांधलं नाही. मार्च 1974 मध्ये पंतप्रधान मेस्मेर यांनी अणुवीजकेंद्रांचा मोठा कार्यक्रम जाहीर केला, तेव्हा मासे पद सोडून गेलेले होते. कंपनीचा कारभार होता मार्सेल ब्वातो यांच्या हाती, आणि तेही खर्चाच्या गणितातूनच वर आलेले अर्थशास्त्रज्ञ होते. मासे 1987 मध्ये वारले.