सुट्टीवर आलेला पेशंट आणि खरंच बघणारी गल्ली

परवा एक पिक्चर बघितला, मेंटल हॉस्पिटलमधून थोड्या दिवसांच्या रजेवर घरी आलेला माणूस आणि त्याला कुणीच जवळ करत नाही. संपल्यावर घरातलंच कुणीतरी म्हणालं, "असल्यांना सोडतातच कशाला?" म्हणून लिहितोय.

सोडतात कारण माणसांत राहणं हा उपचाराचाच भाग आहे. आपल्या २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यातही अशा रजेची सोय आहे. पण सोलापूरचा पेशंट पुण्यातल्या येरवड्याच्या मेंटल हॉस्पिटलमधून बरा होऊन येतो, आणि कुठं येतो?

समजा त्याला स्किझोफ्रेनिया आहे, म्हणजे भास-भ्रम होणारा आजार. त्यात मेंदूतलं डोपामिन नावाचं रसायन गडबडतं. डोपामिनचं एक काम म्हणजे "हे महत्त्वाचं आहे" असा शिक्का मारणं. ते जास्त झालं की शिक्का कशावरही बसतो, रिक्षाच्या हॉर्नवर, शेजाऱ्याच्या खोकण्यावर, मग मेंदू त्यांची गोष्ट जुळवतो की सगळे माझ्यावरच नजर ठेवून आहेत. गोळ्या डोपामिन जिथं जाऊन काम करतं त्या जागा (डी-टू रिसेप्टर) अडवतात, नवे शिक्के कमी होतात, पण जुळलेली गोष्ट लगेच पुसत नाही, तिला आठवडे लागतात. ताण आला की डोपामिन परत वाढतं. आता हा माणूस सोलापूरच्या पूर्व भागातल्या गल्लीतून चालतोय, दारात सूप घेऊन विड्या वळणाऱ्या बायकांच्या कात्र्या थांबतात, बोलणं थांबतं. म्हणजे त्याचा जो भ्रम होता तो गल्लीनं खरा करून दाखवला! डॉक्टरांनी महिनोन्‌महिने समजावलेलं तिथंच पुसलं जातं.

लंडनचे संशोधक जॉर्ज ब्राउन यांच्या टीमनं १९७२ मध्ये दाखवलं की ज्या घरात सतत टोमणे, राग किंवा अतिकाळजी, तिथं नऊ महिन्यांत ५८ टक्के पेशंटचा आजार उलटला, बाकी घरांत १६ टक्के. याचा अर्थ घरच्यांमुळे आजार होतो असा अजिबात नाही, तेही थकलेले असतात, त्यांनाही शिकवावं लागतं आणि शिकवलं की फरक पडतो.

आणि "बाहेरचं झालंय" म्हणून बांधून मारणारे बाबा, हा २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं गुन्हा आहे, त्यात पेशंटच्या गोळ्या सुटतात ते वेगळंच.

तुमच्या गल्लीत कुणी असा परत आला असेल तर बोलणं थांबवू नका, "काय दादा, जेवला का" एवढं विचारा. घरच्यांना १४४१६ हा टेलिमानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा फुकट नंबर द्या, मराठीत बोलतात.