कुत्रा गप्प उभा आहे, म्हणजे त्याला झबलं आवडलं असं नाही

दिवाळीत फेटा-झबलं घातलेल्या कुत्र्यांचे फोटो परभणी-लातूरच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर फिरतात. सोबत ठरलेलं वाक्य असतं: ‘बघा, किती शहाण्यासारखा उभा आहे, त्याला आवडतं.’ हे खरं नाही. घाबरलेला कुत्रा बऱ्याचदा पळत नाही, जागीच थिजतो. कान मागे, शेपूट पायांत, डोळ्यांचा पांढरा भाग दिसतोय, उगाच ओठ चाटतोय, तर कपडा लगेच काढा. मराठवाड्याच्या उन्हात तर जास्तच जपावं लागतं. कुत्र्याला आपल्यासारखा अंगभर घाम येत नाही. तो मुख्यतः धापा टाकूनच अंग गार करतो. म्हणून फेट्याची गाठ जबड्याखाली आवळू नका. टिकल्या-मणी नकोत, तो चावून गिळतो. सुती, सैल, तेही फोटोपुरतंच. मांजराला मात्र घालूच नये, असं माझं स्पष्ट मत आहे.