ट्रेबाहेरची लघवी: मूत्राशयापासून घरापर्यंत

मांजर शौचाचा ट्रे सोडून गादीवर लघवी करायला लागलं की घरात निकाल ठरलेला असतो: मुद्दाम करतंय. मांजरांच्या वर्तनवैद्यकाचा बराचसा इतिहास म्हणजे हा निकाल खोडून काढण्याचा इतिहास आहे.

1947 पर्यंत अमेरिकेत मांजराच्या पेटीत राख, वाळू नाहीतर लाकडाचा भुसा असे. त्या वर्षी मिशिगनच्या एडवर्ड लो यांनी भट्टीत वाळवलेली दाणेदार शोषक माती 'किटी लिटर' म्हणून विकायला काढली. वास आटोक्यात आला, मांजर चोवीस तास घरात राहू लागलं. सोय माणसांची झाली. मांजराची शिकार, चढउतर आणि हद्द मात्र दाराबाहेरच राहिली.

पुढे लघवीच्या सगळ्या तक्रारींवर 'फेलाइन यूरोलॉजिक सिंड्रोम' (मांजरांचा मूत्रविकार) असा एकच शिक्का बसला आणि खापर कोरड्या खाद्यातल्या मॅग्नेशियमवर फुटलं. कंपन्यांनी ते कमी केलं, लघवी आम्लधर्मी होईल असं खाद्य बनवलं. स्ट्रुवाइटचे, म्हणजे मॅग्नेशियमयुक्त, खडे घटले, पण कॅल्शियम ऑक्झलेटचे वाढले. शिवाय अनेक मांजरांत खडा नाही, जंतू नाहीत, तरी लघवीत रक्त.

हा गुंता सुटायला लागला ओहायो स्टेट विद्यापीठात, पशुवैद्य टोनी बफिंग्टन यांच्या कामातून. त्यांच्या गटाने 32 मांजरांची 77 आठवडे नोंद ठेवली. 20 अशाच लघवीच्या त्रासाची, 12 निरोगी. सांभाळणारा माणूस बदलला किंवा खाण्याची वेळ चुकली की निरोगी मांजरंसुद्धा उलट्या करत, जेवण सोडत, ट्रेबाहेर जात. 2011 साली प्रसिद्ध झालेला हा निष्कर्ष आजही अनेक मांजरपालकांच्या गळी उतरत नाही. त्याआधी 2006 मध्ये याच गटाने 46 मांजरांच्या घरात बदल सुचवून दहा महिने पाहिलं. लघवीचा त्रासही कमी झाला आणि भित्रेपणाही. तुलनेसाठी दुसरा गट नव्हता, ही त्यातली उणीव. पण दिशा सापडली, आणि 2013 च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांत घराची मांडणी हाच पाया मानला गेला.

त्यातून आजचे नियम आले. जितकी मांजरं, त्याहून एक ट्रे जास्त. पण दोन मांजरांचे तिन्ही ट्रे एकाच बाल्कनीत ओळीने ठेवले तर मांजराच्या लेखी ती एकच जागा; दांडगं मांजर दारात बसलं की दुसऱ्याची वाट बंद. ट्रेची लांबी मांजराच्या दीडपट, लिटर बिनवासाचं आणि साधारण 3 ते 5 सेंटिमीटर जाड, साफसफाई रोज. बाजारात मिळणारे झाकणवाले ट्रे बहुधा छोटे पडतात आणि आत वास कोंडतो. लिटर बदलायचं तर जुना ट्रे तसाच ठेवून नवं शेजारी द्यावं, एका रात्रीत बदलू नये. डाग अमोनियाच्या क्लीनरने पुसू नये, एन्झाइमवाला वापरावा. ओरडणं किंवा मांजराचं नाक लघवीत घासणं यातून मांजर फक्त लपून लघवी करायला शिकतं.

हे सगळं लघवीच्या तपासणीनंतर. बोका वारंवार ट्रेमध्ये जाऊन जोर करतोय आणि थेंबच पडतोय किंवा तेही नाही, तर मूत्रनलिका तुंबलेली असू शकते. तिथे ट्रे बदलत बसू नये. त्याच तासाला व्हेट गाठावा, कारण रक्तातलं पोटॅशियम वाढून एकदोन दिवसांत हृदय बंद पडू शकतं.