गिलमन स्ट्रीटला न मावलेली तबकडी

पाण्यात दगड पडला की आपण 'डुबुक' म्हणतो, इंग्रजीत त्यालाच 'कर्प्लंक' म्हणतात. ग्रीन डे या अमेरिकेतल्या पंक रॉक बँडने आपल्या दुसऱ्या अल्बमला हे नाव दिलं, तेव्हा त्यातले दोघे १९ वर्षांचे होते आणि तिसरा १८ चा. आपल्याकडे केबलवर गाणी पाहणाऱ्या बहुतेकांना हा बँड कळला तो १९९४ च्या 'डूकी' या त्यांच्या तिसऱ्या अल्बममुळे, त्यामुळे त्याआधीची कहाणी उलट्या बाजूने ऐकायची सवय लागली. 'कर्प्लंक' म्हणजे 'डूकी'ची रंगीत तालीम, असं म्हणून लोक पुढे जातात. मला ते पटत नाही. हा अल्बम ज्या छोट्याशा व्यवस्थेतून आला, तिला तो पेलवला नाही, आणि खरी गोष्ट तिथेच आहे.

ती व्यवस्था कॅलिफोर्नियातल्या बर्कली शहरात, ९२४ गिलमन स्ट्रीट या पत्त्यावर होती. एका गोदामाचा काही भाग. शेजारी वेताच्या खुर्च्या विणण्याचं दुकान. १९८६ च्या ३१ डिसेंबरला इथे पहिला कार्यक्रम झाला. 'मॅक्झिमम रॉक-एन-रोल' हे पंक मासिक चालवणारा टिम योहॅनन हा ती जागा उभी करणाऱ्यांपैकी एक. सगळं काम स्वयंसेवकांचं: दारावर तिकीट फाडणारी पोरं, कार्यक्रमानंतर झाडू मारणारीही तीच. दारू नाही, अमली पदार्थ नाहीत, मारामारी नाही, वंशद्वेषी किंवा स्त्रियांना आणि समलिंगींना हिणवणारी गाणी नाहीत. आणि बड्या कंपनीशी करार केलेला बँड इथे वाजवणार नाही. बाकीचे नियम पाहुण्यांसाठी होते, हा शेवटचा मात्र घरच्यांसाठी. पुढे तोच आडवा आला.

ग्रीन डेचा गायक-गिटारवादक बिली जो आर्मस्ट्राँग आणि बास गिटार वाजवणारा माइक डर्न्ट ही गिलमनपासून थोड्या उत्तरेची, रोडिओ गावच्या आसपासची मुलं. शाळेपासूनचे दोस्त. बिली जोचे वडील ट्रक चालवायचे आणि हौसेने जॅझ वाजवायचे. तो दहा वर्षांचा असताना ते कर्करोगाने गेले. आई वायेहो गावातल्या 'रॉड्स हिकरी पिट' या खानावळीत वाढपी होती, आणि १९८७ साली पोरांचा पहिला कार्यक्रम झाला तो त्याच खानावळीत. तेव्हा बँडचं नाव 'स्वीट चिल्ड्रन' होतं. बिली जोच्या हातातली निळी, स्टिकरांनी भरलेली गिटार आईनेच घेऊन दिली होती. 'कर्प्लंक'वर ऐकू येते ती हीच.

आता लॅरी लिव्हरमोर. हा माणूस नसता तर पुढचं काहीच झालं नसतं. मेंडोसिनो परगण्याच्या डोंगरात, स्पाय रॉक नावाच्या भागात तो राहायचा. तिथे त्याने 'द लुकआउट्स' हा बँड काढला. ड्रमर मिळेना, म्हणून शेजारच्या बारा वर्षांच्या पोराला बसवलं आणि त्याला 'ट्रे कूल' असं टोपणनावही दिलं. १९८७ साली लिव्हरमोरने डेव्हिड हेजबरोबर 'लुकआउट रेकॉर्ड्स' सुरू केली. गिलमनमधल्या बँडची गाणी छापायची, एवढाच उद्देश. स्वीट चिल्ड्रनला त्याने ऐकलं ते डोंगरातल्या एका पार्टीत, बोटांवर मोजण्याइतक्या पोरांपुढे वाजवताना. तेवढ्यावर त्याने त्यांची तबकडी काढायचं ठरवलं. ती बाहेर पडायच्या तोंडावर पोरांनी बँडचं नावच बदलून 'ग्रीन डे' केलं, कारण त्याच भागात 'स्वीट बेबी' नावाचा आणखी एक बँड होता. लिव्हरमोर वैतागला, आणि त्याचं बरोबरच होतं. हातात असलेलं थोडंफार नाव पोरांनी स्वतःच पुसून टाकलं होतं.

लुकआउटचा व्यवहार साधा होता. खर्च वजा जाता जे उरेल त्यातले साठ टक्के बँडला, चाळीस कंपनीला. वकिलांची वर्दळ नाही. पहिला अल्बम '३९/स्मूद' १९९० मध्ये आला, त्याच्या ध्वनिमुद्रणाला ६७५ डॉलर लागले होते. बिली जोने त्याच वर्षी, अठरावा वाढदिवस एका दिवसावर असताना, शाळा सोडली.

त्या उन्हाळ्यात ते व्हॅन घेऊन देशभर हिंडले. मिनियापोलिसला बिली जोला एड्रियन भेटली. पुढे १९९४ मध्ये त्यांचं लग्न झालं. मधली वर्षं मात्र कॅलिफोर्निया ते मिनेसोटा या अंतरात गेली, आणि त्या अंतरावरच 'कर्प्लंक'चं पहिलं गाणं उभं आहे: '२००० लाइट इयर्स अवे'. अल्बमवर '८०' नावाचं एक गाणं आहे, त्या आकड्यातही तिच्याच लाडक्या नावाचा उच्चार लपलेला आहे. मिनियापोलिसशी या बँडचं नातं आधीपासूनचं. हुस्कर डू आणि रिप्लेसमेंट्स हे दोन्ही बँड त्याच परिसरातले. वेगवान पंकच्या आत हळवी चाल कशी बसवायची, हे या पोरांनी त्यांच्याकडूनच उचललं असावं, असं ऐकताना वाटत राहतं.

दौऱ्यावरून परतल्यावर ड्रमर जॉन किफ्मायर उत्तरेला आर्केटा गावी कॉलेजात गेला. त्याच्या जागी आला ट्रे कूल. तोच, लिव्हरमोरने बसवलेला पोरगा.

हा बदल किती मोठा, हे 'कर्प्लंक'ची सीडी ऐकताना कानालाच कळतं. मूळ तबकडीवर बारा गाणी आहेत. सीडीवर त्यांच्या मागे जुनी 'स्वीट चिल्ड्रन' ही चार गाण्यांची ईपी, म्हणजे छोटी तबकडी, जोडलेली आहे, तिच्यात किफ्मायर वाजवतो. एकाच सीडीवर दोन ड्रमर. किफ्मायर ठेका सांभाळतो आणि गाणं पुढे नेतो. ट्रे ओळ संपता संपता एक उलटीपालटी तान मारून पुढच्या ओळीला ढकलतो, जणू गायकाच्या आधी त्यालाच काहीतरी सांगायचं आहे. माइकचा बासही त्यामुळे मोकळा सुटला. नंतरच्या काळात ज्याला ग्रीन डेचा आवाज म्हणू लागले, तो इथे जमला. ट्रेने या अल्बमवर एक गाणं स्वतः लिहून गायलंही आहे, कंट्री संगीताची टर उडवणारं. ते दुसऱ्यांदा ऐकावंसं वाटत नाही, पण असो.

ध्वनिमुद्रण १९९१ मध्ये दोन टप्प्यांत झालं, मे आणि सप्टेंबर. स्टुडिओ 'आर्ट ऑफ इअर्स', मदतीला ध्वनिमुद्रक अँडी अर्न्स्ट. गाण्यांचे विषय घर सोडण्याभोवती फिरतात. 'क्रिस्टी रोड' हा मार्टिनेझजवळचा खराखुरा रस्ता, रेल्वे रुळांच्या कडेने जाणारा, पोरांचा अड्डा. 'वेलकम टू पॅरडाइज'मधला स्वर्ग म्हणजे वेस्ट ओकलंडमधलं एक गोदाम. आईचं घर सोडल्यावर बिली जो तिथे राहायला गेला होता. आधी भीती, मग सवय, मग त्या मोडक्या वस्तीबद्दल माया. हेच गाणं 'डूकी'साठी पुन्हा मुद्रित झालं. तिथली गिटार भरीव आहे, सगळं नीट पुसून लावल्यासारखं. 'कर्प्लंक'वर तेच गाणं कोरडं आणि थोडं उघडं पडलेलं आहे, आणि गोदामातली थंडी मला तिथेच लागते.

वेष्टनावर काळ्या विनोदाचं चित्र: हातात धूर निघणारं पिस्तूल घेतलेली, हसणारी मुलगी. आतल्या कागदावर एका शाळकरी मुलीच्या नावाने लिहिलेली, ग्रीन डेच्या नादापायी आईवडिलांचा खून करण्याची गोष्ट आहे. ती लिहिली होती चाळिशीतल्या लिव्हरमोरने. कंपनीचा मालकच असले उद्योग करत होता, यावरून तिथलं वातावरण समजावं.

अल्बम १९९१-९२ च्या हिवाळ्यात बाहेर आला. बँड तेव्हा युरोपभर भटकत होता. परतल्यावर अमेरिकेतले दौरे व्हायचे ते एका जुन्या फिरत्या वाचनालयाच्या गाडीतून. ट्रेच्या वडिलांनी ती बसायला-झोपायला होईल अशी करून घेतली होती, आणि चालवायचेही तेच. पुस्तकांच्या जागी अँप आणि पोरं.

याच सुमारास बाहेरचं जग बदललं. 'कर्प्लंक'चा दुसरा टप्पा मुद्रित होत होता त्याच सप्टेंबरमध्ये निर्व्हाना या बँडचा 'नेव्हरमाइंड' हा अल्बम येऊन तुफान गाजला, आणि बड्या कंपन्या असे आणखी बँड शोधत देशभर फिरू लागल्या. जाहिरातीशिवाय, तोंडोतोंडी झपाट्याने खपणारी लुकआउटची तबकडी त्यांच्या नजरेतून सुटणं शक्यच नव्हतं. लहान सभागृहांत पोरांची गर्दी मावेना. १९९३ मध्ये ग्रीन डेने वॉर्नर समूहातल्या रिप्रीझ या कंपनीशी करार केला. निर्माता म्हणून रॉब कॅव्हालो आला. त्या सप्टेंबरमध्ये ते गिलमनला वाजवून गेले आणि नियमाप्रमाणे दार बंद झालं. तिथल्या भिंतींवर बिली जोच्या मरणाची मागणी करणारी वाक्यं लिहिली गेली. ज्या वर्गणीतून, ज्या झाडू मारण्यातून हा बँड मोठा झाला, त्या पोरांना तो दगा वाटला. मी त्यांना हसणार नाही. नियम सोडला असता तर गिलमन एव्हाना कधीच बंद पडलं असतं, असं मला वाटतं.

लुकआउटचं उलट झालं. 'डूकी' घेणारी लाखो पोरं मागे वळून 'कर्प्लंक' विकत घेऊ लागली, कारण दोन्ही जुने अल्बम बँडने लुकआउटकडेच ठेवले होते. 'कर्प्लंक' अमेरिकेत प्लॅटिनम झाला, म्हणजे दहा लाखांचा टप्पा गाठला. एका खोलीतून चाललेल्या कंपनीत अचानक पैशाचा पूर आला. लिव्हरमोर १९९७ मध्ये बाहेर पडला. पुढे कंपनीने हातपाय पसरले, खर्च वाढला आणि बँडची रॉयल्टी थकू लागली. २००५ मध्ये ग्रीन डेने आपले जुने अल्बम काढून घेतले. भात शिजवणारी चूलच गेली. २०१२ साली लुकआउटने गाशा गुंडाळला. 'कर्प्लंक' आता रिप्रीझच्या शिक्क्याने विकला जातो.

गिलमन मात्र चालू राहिलं. २०१५ च्या मे महिन्यात तिथे एक मदतीचा कार्यक्रम झाला. ओकलंडमधल्या आगीत एके प्रेस या प्रकाशन संस्थेचं नुकसान झालं होतं, तिच्यासाठी. मंचावर ग्रीन डे होता. बड्या कंपनीचा बँड असूनही त्या रात्रीपुरती त्यांना परवानगी मिळाली होती.