चार्जरवरची बारीक अक्षरं

चार्जरच्या खोक्यावर ‘६५ वॅट’ ठळक छापलेलं असतं. खरी माहिती मात्र चार्जरच्या पोटावर, भिंग लावून वाचावी लागेल अशा राखाडी अक्षरांत असते: ५ व्होल्ट ३ अँपिअर, ९ व्होल्ट ३ अँपिअर, १५ व्होल्ट ३ अँपिअर, २० व्होल्ट ३.२५ अँपिअर. लॅपटॉप आणि फोन या दोन्हींसाठी मिळून एकच छोटा चार्जर घ्यायचा असेल, तर निवड या ओळीवरून करायची. रंग, आकार आणि खोक्यावरचा आकडा यांचा विचार त्यानंतर.

ही ओळ म्हणजे चार्जरचं दरपत्रक. यूएसबी-सी चार्जर भिंतीला लावला तरी त्याच्या तोंडाशी वीज नसते. केबलमधल्या एका बारीक तारेवर पलीकडच्या उपकरणातला ५.१ किलोओहमचा रोध (रेझिस्टर) जाणवला, की तो ५ व्होल्ट सोडतो. मग त्याच तारेवरून आपल्याकडचे पर्याय कळवतो. उपकरण त्यातला एक निवडतं, चार्जर होकार देतो, आणि मगच व्होल्टेज वर चढतं. या बोलणीला ‘पॉवर डिलिव्हरी’ किंवा थोडक्यात पीडी म्हणतात. त्यामुळे १०० वॅटचा चार्जर लावला म्हणून फोन जळत नाही. व्होल्टेज ठरतं बोलणीतून, आणि किती प्रवाह ओढायचा ते फोन ठरवतो. २५ वॅट घेणारा फोन १०० वॅटच्या चार्जरवरही २५ वॅटच घेणार.

लॅपटॉपच्या बाबतीत २० व्होल्टचा पर्याय आहे का, हे आधी बघा. पुष्कळ लॅपटॉप त्याहून कमी व्होल्टेज स्वीकारतच नाहीत, आणि पीडीच्या नियमांत ४५ वॅटच्या चार्जरला २० व्होल्ट देण्याची सक्ती नाही. १५ व्होल्ट ३ अँपिअर दिले तरी ४५ वॅट भरतात. असा चार्जर फोनवर उत्तम चालतो आणि लॅपटॉपवर गप्प बसतो. किती वॅट लागतील ते लॅपटॉपच्या मूळ ॲडॉप्टरवर लिहिलेलं असतं: २० व्होल्ट गुणिले ३.२५ अँपिअर म्हणजे ६५ वॅट. त्याहून थोडा कमी ताकदीचा चार्जर बहुतेक वेळा चालतो, फक्त बॅटरी सावकाश भरते. मात्र व्हिडिओ संपादनासारखं जड काम सुरू केलं, तर चार्जर लावलेला असूनही बॅटरी उतरताना दिसते. मूळ ॲडॉप्टर गोल पिनचा असेल तर आणखी एक खात्री करून घ्या. लॅपटॉपला यूएसबी-सी पोर्ट आहे म्हणजे तो चार्जिंग घेतोच असं नाही. काही पोर्ट फक्त डेटासाठी असतात.

केबलकडे सगळ्यांचंच दुर्लक्ष होतं. साधी सी-टू-सी केबल ३ अँपिअरपर्यंतची, म्हणजे २० व्होल्टला ६० वॅट. त्याच्या पुढे ५ अँपिअरची केबल लागते आणि तिच्या टोकात ई-मार्कर नावाची चिमुकली चिप असते. ‘मी ५ अँपिअर पेलते’ असं ती चार्जरला सांगते. चिप सापडली नाही तर चार्जर ३ अँपिअरच्या वर जात नाही. म्हणजे महागडा १०० वॅटचा चार्जर चुकीच्या केबलवर ६० वॅटचा होतो, आणि बहुतेक वेळा कुठलीही सूचना येत नाही. नवी केबल घेताना २४० वॅटचा शिक्का असलेली घ्या. पीडीच्या २०२१ मधल्या सुधारणेनंतर ४८ व्होल्ट ५ अँपिअर ही वरची मर्यादा झाली, त्यामुळे ती केबल खालच्या सगळ्या चार्जरवर चालते. चार्जरच्या जुन्या चौकोनी ए-पोर्टमधून निघणाऱ्या केबलवर मात्र पीडीची बोलणी होतच नाही.

फोनसाठी त्या ओळीत पुढे ‘पीपीएस’ (प्रोग्रॅमेबल पॉवर सप्लाय) लिहिलंय का, तेही पाहा. साध्या पीडीत फोनला ९ व्होल्ट मिळतात आणि बॅटरीच्या साधारण ४ व्होल्टपर्यंत ते उतरवण्याचं काम फोनला स्वतः करावं लागतं. त्यात फोन तापतो. पीपीएसमध्ये फोन चार्जरला २० मिलिव्होल्टच्या बारीक पायऱ्यांनी व्होल्टेज वरखाली करायला सांगत राहतो. उतरवण्याचं बरंचसं काम, आणि त्याबरोबरची उष्णता, चार्जरकडे जाते. सॅमसंगच्या वरच्या श्रेणीतल्या फोनचं जलद चार्जिंग पीपीएसशिवाय पूर्ण वेगानं होत नाही; त्यातल्या ४५ वॅटला ५ अँपिअरची केबलही लागते. वनप्लस, ओप्पो यांची स्वतःची पद्धत वेगळी आहे. त्यांचे फोन पीडीवर भरतात, पण जाहिरातीतला वेग त्यांच्याच चार्जर-केबलवर मिळतो. तसंही कुठलाही फोन कमाल वॅट फक्त सुरुवातीला घेतो. ८० टक्क्यांनंतर प्रवाह झपाट्यानं कमी होतो, कारण भरत आलेल्या लिथियम बॅटरीत जोरानं वीज कोंबणं धोक्याचं असतं.

एकाहून जास्त पोर्ट असतील तर खोक्यावरचा आकडा सगळ्यांचा मिळून असतो. १०० वॅटच्या चार्जरवर दोन उपकरणं लावली की साधारण ६५ आणि ३० अशी वाटणी होते, आणि ती वाटणीही त्याच बारीक अक्षरांत छापलेली असते. दुसरी केबल खुपसली की चार्जर क्षणभर सगळे पोर्ट बंद करून बोलणी नव्यानं सुरू करतो. लॅपटॉपचा चार्जिंगचा दिवा तेव्हा विझून पुन्हा लागतो तो यामुळे. तो बिघाड नव्हे. स्वस्त चार्जरमध्ये मात्र दोन पोर्टना मिळून एकच व्होल्टेज-सर्किट असतं. फोन लावताच दोन्ही पोर्ट ५ व्होल्टवर येतात आणि लॅपटॉपचं चार्जिंग थांबतं. वाटणीचे आकडे छापलेलेच नसतील, तर मी असा चार्जर घेऊ नका असंच सांगेन.

आता हे चार्जर इतके छोटे कसे झाले? चार्जर भिंतीतल्या विजेचे सेकंदाला हजारो तुकडे करतो आणि प्रत्येक तुकड्याची ऊर्जा ट्रान्सफॉर्मरमधून पलीकडे पोहोचवतो. सेकंदाला ६५ हजार तुकडे केले, तर ६५ वॅटसाठी दर खेपेला १ मिलिज्यूल न्यावा लागतो. अडीच लाख केले तर पाव मिलिज्यूल पुरतो. ओझं कमी, म्हणून टोपली लहान. ट्रान्सफॉर्मर आक्रसतो तो असा. हे तुकडे पाडणारे सिलिकॉनचे स्विच इतक्या वेगानं उघडझाप करू लागले की प्रत्येक खेपेला वाया जाणारी ऊर्जा वाढते आणि ते तापतात. इथे गॅलियम नायट्राइड, म्हणजे ‘गॅन’, कामाला येतं. त्यातला इलेक्ट्रॉन मोकळा करायला लागणारी ऊर्जा, म्हणजे बँड गॅप, ३.४ इलेक्ट्रॉनव्होल्टची, सिलिकॉनची १.१. तीव्र विद्युतक्षेत्र ते सहज सोसतं, म्हणून त्याच व्होल्टेजसाठी स्विच लहान करता येतो, आणि लहान स्विच कमी ऊर्जेत उघडतो-मिटतो. निळ्या एलईडीचं मूळ द्रव्यही हेच. त्या शोधाला २०१४ मध्ये भौतिकशास्त्राचं नोबेल मिळालं.

पण एक भाग गॅननं लहान होत नाही. भिंतीतली वीज सेकंदाला १०० किंवा १२० वेळा शून्यावर येते, आणि त्या फटी भरून काढायला वीज साठवणारा एक गुबगुबीत कपॅसिटर लागतो. त्याचा आकार स्विचच्या वेगावर नाही, भिंतीतल्या विजेवर ठरतो. ६५ वॅटचे चार्जर सुटसुटीत आणि १०० वॅटचे एकदम जाडजूड का, यामागे दुसरंही कारण आहे. वीजजाळ्यात मिसळून विजेची लाट बिघडवणाऱ्या हार्मोनिक प्रवाहांवरचं आंतरराष्ट्रीय मानक ७५ वॅटपर्यंत वीज घेणाऱ्या अशा उपकरणांना मोकळं सोडतं. त्यापुढे पॉवर फॅक्टर सुधारणारं, म्हणजे वीज झटक्यांत न घेता लाटेच्या ओघानं घेणारं, वेगळं सर्किट बसवावं लागतं. ६५ वॅट देणारा चार्जर भिंतीतून ७० च्या आसपास घेतो आणि त्यातून निसटतो. खिशात मावणारा आणि लॅपटॉप चालवणारा चार्जर हवा असेल, तर ६५ वर थांबण्यात शहाणपण आहे.

लहान आकाराची किंमत उष्णतेत मोजावी लागते. ६५ वॅट देताना कार्यक्षमता ९३ टक्के असेल तर सुमारे ५ वॅटची उष्णता होते. ८८ टक्के असेल तर जवळजवळ ९ वॅटची, आणि तीही बंद प्लास्टिकच्या डबीत. आत तापमापक असतो. मर्यादा आली की चार्जर वॅट कमी करतो. म्हणून उशीखाली, गादीवर किंवा उन्हात तो ठेवू नये. आतल्या त्या गुबगुबीत, म्हणजे इलेक्ट्रोलिटिक, कपॅसिटरचं आयुष्य दर १० अंश तापमानवाढीला साधारण निम्मं होतं. चार्जर बहुधा त्याच्यामुळेच लवकर मरतात.

दोन पिनांच्या चार्जरवर धातूच्या लॅपटॉपला हात लावला की झिणझिण्या येतात, ही नेहमीची तक्रार. विद्युत गोंगाट दाबण्यासाठी भिंतीकडची आणि उपकरणाकडची बाजू एका सुरक्षा-कपॅसिटरनं जोडलेली असते, आणि त्यातून पाव मिलिअँपिअरहून कमी प्रवाह पाझरतो. चांगल्या चार्जरमध्ये तो धोकादायक नसतो. त्रास होत असेल तर अर्थिंगची तिसरी पिन आतपर्यंत खरोखर जोडलेला चार्जर घ्यावा. काहींमध्ये ती नुसती प्लास्टिकची असते. झिणझिण्यांऐवजी झटका बसला, तर तो चार्जर त्याच क्षणी बाजूला ठेवावा.

नवा चार्जर परत करण्याची मुदत असेतो तपासून घ्या. लॅपटॉपची बॅटरी ३० टक्क्यांखाली आणा. भरलेली बॅटरी फारशी वीज घेत नाही, त्यामुळे मोजमाप फसतं. मध्ये यूएसबी-सी मीटर लावा. पडद्यावर २० व्होल्ट दिसले पाहिजेत. ५ वरच अडकलं तर चार्जरला दोष देण्याआधी केबल बदलून पाहा. मग लॅपटॉपला काम देऊन अर्धा तास वॅटच्या आकड्यावर लक्ष ठेवा. तो ६० वरून ४० पर्यंत घसरला आणि बॅटरी अजून ८० टक्क्यांच्या खूप खाली असेल, तर आकडा बॅटरीमुळे उतरलेला नाही. चार्जर तापून मागे हटतोय.