भरताडीचे मोल : वी कन्सोलच्या बॅकअप फाइलींचे रूपांतर

माझ्या संगणकावर दोन फाइली शेजारीशेजारी आहेत. दोन्हींचे नाव एकच आहे आणि दोन्हींचा आकार ४,६९,९९,७९,७७६ बाइट, म्हणजे एका बाइटचाही फरक नाही. पहिली फाइल निन्टेंडोच्या वी या गेम खेळायच्या कन्सोलच्या एका डिस्कवरून थेट वाचून घेतलेली आहे. दुसरी त्याच डिस्कच्या जुन्या बॅकअपपासून बनली आहे. तो बॅकअप आधी एका आटोपशीर फॉरमॅटात नेला होता आणि काही वर्षांनी पुन्हा मूळ फॉरमॅटात आणला. गेम दोन्हींवरून सुरळीत चालतो. मात्र दोन्ही फाइलींचा चेकसम, म्हणजे सगळ्या बाइटांवरून गणिताने काढलेला ठसा, ताडून पाहिला तर त्यांचा एकमेकींशी काडीचाही संबंध दिसत नाही. आकार तोच आणि गेमही तोच असताना बदलले काय, हे समजून घ्यायचे असेल तर या डिस्कवर नेमके काय काय भरलेले असते, तिथूनच सुरुवात करावी लागते.

वी हे कन्सोल २००६ च्या नोव्हेंबरमध्ये बाजारात आले. त्याच्या एकपदरी डिस्कवर प्रत्येकी २,०४८ बाइटांचे २२,९४,९१२ सेक्टर, म्हणजे ठरावीक आकाराचे कप्पे, असतात, त्यामुळे गेम लहान असो वा मोठा, डिस्कची जशीच्या तशी उतरवलेली प्रत वर दिलेल्या आकाराचीच भरते. अशा प्रतीला आयएसओ फाइल म्हणतात. दिसायला ही डिस्क डीव्हीडीसारखी असली तरी संगणकाच्या बहुतेक ड्राइव्हना ती वाचता येत नाही, म्हणून आपल्या मालकीच्या डिस्कचा बॅकअप सहसा कन्सोलकडूनच, क्लीनरिपसारखा प्रोग्राम त्यावर चालवून, काढला जातो. असा बॅकअप काढण्याविषयीचे कायदे देशोदेशी वेगळे आहेत आणि ते आधी पाहून घेणे इष्ट.

रूपांतराची गरज पहिल्याच पायरीवर भासते. या कन्सोलला जोडायच्या यूएसबी ड्राइव्हवर सहसा फॅट३२ ही फाइलव्यवस्था वापरली जाते आणि तिच्यात एका फाइलचा आकार ४,२९,४९,६७,२९५ बाइटांच्या पुढे जाऊ शकत नाही. आपली आयएसओ फाइल त्याहून सुमारे चाळीस कोटी बाइटांनी मोठी आहे. कोणालाही पहिला उपाय सुचतो तो फाइल झिप करण्याचा. तो करून पाहण्यासारखा आहे, कारण त्याच्या अपयशातून बरेच कळते. बराच वेळ लावून तयार झालेली झिप फाइल बहुतेक वेळा मूळ फाइलीएवढीच भरते.

फाइल आकुंचित करणारा कोणताही प्रोग्राम पुनरावृत्तीच्या शोधात असतो. तोच मजकूर पुन्हा आला की तो पूर्ण लिहिण्याऐवजी ‘मागे अमुक ठिकाणी आहे तेच’ एवढी खूण ठेवायची, ही लेम्पेल आणि झिव्ह यांनी १९७७ मध्ये मांडलेली कल्पना झिपच्या मुळाशी आहे. क्लॉड शॅनन यांनी १९४८ मध्येच दाखवून दिले होते की माहितीत जेवढा अंदाज बांधता येतो तेवढीच ती आटवता येते. ज्या ओळीतला पुढचा बाइट ओळखण्याला काही आधारच नाही, ती ओळ आटत नाही. वीच्या डिस्कवरील गेमचा विभाग एईएस-१२८ या पद्धतीने कूटबद्ध केलेला असतो, आणि चांगल्या कूटलेखनाचे लक्षणच असे की त्यातून बाहेर पडलेले बाइट निव्वळ यादृच्छिक वाटावेत. सोळा-सोळा बाइटांचा प्रत्येक घास कूटबद्ध करण्यापूर्वी त्यात आधीच्या घासाचे कूटरूप मिसळले जाते, त्यामुळे मूळ मजकुरात दहा हजार शून्ये ओळीने असली तरी कूटबद्ध झाल्यावर त्यांत दोन घास सारखे दिसत नाहीत. झिपला तिथे पकडायला काहीच सापडत नाही.

कूटलेखन मात्र काटेकोर असते. तीच किल्ली, तोच आरंभ आणि तोच मजकूर दिला की कूटरूप नेहमी तेच येते. गेमची किल्ली डिस्कवरच, दुसऱ्या एका किल्लीने बंद करून, ठेवलेली असते. म्हणून रूपांतर करणाऱ्या प्रोग्रामला कूट उलगडून आतला साधा मजकूर साठवता येतो आणि पुढे हवे तेव्हा तंतोतंत तेच कूटरूप पुन्हा उभे करता येते. फाइल लहान करण्याची ही पहिली खरी वाट आहे. तिच्यात काहीच गमवावे लागत नाही.

कूट उलगडले की डिस्कची वीण दिसू लागते. गेमचा विभाग ३२ किलोबाइटांच्या तुकड्यांत विभागलेला असतो आणि प्रत्येक तुकड्यातला पहिला एक किलोबाइट गेमचा नसतोच. उरलेल्या ३१ किलोबाइटांतल्या प्रत्येक किलोबाइटासाठी एक, असे वीस-वीस बाइटांचे ३१ हॅश तिथे ओळीने मांडलेले असतात. हॅश म्हणजेही ठसाच. अशा आठ तुकड्यांच्या ठशांवरून वरच्या पातळीचे ठसे काढतात, आठ गटांवरून त्याच्याही वरचे, आणि या चढत्या उतरंडीचा शेंडा एका डिजिटल सहीच्या कागदपत्रात जाऊन बसतो. डिस्कवरचा एक बाइट जरी कोणी बदलला तरी त्याचा ठसा बिघडतो, मग त्याच्या वरचा, आणि अखेरीस सहीशी ताळमेळ राहत नाही. मला ही रचना अतिशय देखणी वाटते. साठवणाऱ्याच्या दृष्टीने तिचा आणखी एक फायदा आहे. बत्तीसातला एक किलोबाइट ठशांचा असेल, तर पूर्ण भरलेल्या डिस्कवर ठशांनीच सुमारे १४ कोटी ७० लाख बाइट अडवलेले असतात. हे सगळे ठसे गेमच्या मजकुरावरून पुन्हा काढता येतात, मग ते साठवायचे कशाला? ते गाळून टाकावेत, फाइल परत उभी करताना नव्याने काढावेत, आणि डिस्कवरचा एखादा ठसा हिशेबाशी जुळत नसेल तर तेवढा अपवाद नोंदवून ठेवावा.

आता उरते ती भरताड, आणि माझ्या दोन फाइलींचा फरक तिच्याशीच निगडित आहे. बहुतेक गेम डिस्कच्या क्षमतेपेक्षा बरेच लहान असतात आणि दोन फाइलींमधली व गेमनंतरची रिकामी जागा कशाने तरी भरावी लागते. वीच्या आधीच्या गेमक्यूब या कन्सोलपासून, म्हणजे २००१ पासून, निन्टेंडोच्या डिस्कवर ही जागा यादृच्छिक दिसणाऱ्या बाइटांनी भरलेली आढळते. गेमक्यूबची डिस्क ठरावीक वेगाने गरगर फिरते, त्यामुळे आतल्या बाजूला सेकंदाला १६ मेगाबिट आणि बाहेरच्या कडेला २५ मेगाबिट वाचून होतात. साहजिकच जलद लागणाऱ्या फाइली कडेला नेऊन ठेवणे फायद्याचे ठरते आणि मध्ये मोठे मैदान मोकळे राहते. ॲनिमल क्रॉसिंग हा गेम मुळात निन्टेंडो ६४ च्या कार्ट्रिजसाठी घडवलेला होता. तो गेमक्यूबच्या १,४५,९९,७८,२४० बाइटांच्या डिस्कवर आला तेव्हा जवळजवळ सगळी डिस्क भरताडीचीच झाली. वीवर याच भरताडीला गेमबरोबर कूटबद्ध केले जाते आणि तिचेही ठसे निघतात.

जुन्या आणि आजही वापरात असलेल्या डब्ल्यूबीएफएस फॉरमॅटाने या भरताडीबाबत सरळ निर्णय घेतला : गेम जी जागा कधी वाचतच नाही ती साठवायची नाही. हा फॉरमॅट काहीही आटवत नाही. वापरातले खंड, कूटबद्ध अवस्थेतच, तो उचलून घेतो, बाकीचे सोडून देतो, आणि कुठला खंड कुठे होता याचा एक तक्ता ठेवतो. फाइल चार गिगाबाइटांच्या आत बसली नाही तर तिचे दोन तुकडे केले जातात. कन्सोलवर गेम चालवणाऱ्या प्रोग्रामना हा फॉरमॅट थेट समजतो, कारण वाचताना त्यांना तक्ता पाहून उडी मारण्यापलीकडे काही करावे लागत नाही. त्या काळच्या महागड्या साठवणुकीचा विचार करता हा निर्णय रास्त होता, असेच मी म्हणेन. पण अशा फाइलीचे पुन्हा आयएसओत रूपांतर केले की सोडलेल्या जागी शून्ये भरली जातात. आकार बरोबर येतो आणि चेकसम चुकतो.

‘भरताड गेली तर गेली’ असे म्हणता येईलही, पण मला ते पटत नाही. बॅकअप अस्सल आहे की नाही हे ओळखायचे आपल्याकडचे एकमेव खात्रीचे साधन चेकसम हेच आहे. रीडंप या प्रकल्पात वेगवेगळ्या लोकांनी स्वतंत्रपणे वाचलेल्या डिस्कचे चेकसम जुळवून नोंदवले जातात; आपल्या फाइलीचा चेकसम त्यांच्याशी जुळला की आपला बॅकअप निर्दोष आहे याची खात्री पटते. भरताड शून्य केलेल्या फाइलीत चेकसम चुकला तर तो शून्यांमुळे चुकला की डिस्कवरच्या एखाद्या ओरखड्याने गेमच्या शेवटच्या टप्प्यातले चार सेक्टर बिघडले म्हणून चुकला, हे त्या चेकसमवरून कळायला मार्ग उरत नाही.

डॉल्फिन या एम्युलेटरच्या, म्हणजे कन्सोलचे गेम संगणकावर चालवणाऱ्या प्रोग्रामच्या, विकसकांनी आणलेल्या आरव्हीझेड या फॉरमॅटाने या अडचणीवर जो तोडगा काढला तो माहितीशास्त्राचा उत्तम धडा आहे. भरताड यादृच्छिक दिसते, पण ती एका ठरलेल्या सूत्राने निर्माण केलेली असते. प्रत्येक नवी संख्या ३२ जागा मागची आणि ५२१ जागा मागची अशा दोन संख्यांवरून काढायची : दोन्हींचे बिट एकाखाली एक मांडायचे, जिथे ते वेगळे असतील तिथे एक लिहायचा आणि सारखे असतील तिथे शून्य. सुरुवातीचे ६८ बाइटांचे बीज हाती असले की पुढची सगळी माळ त्यातून ओवता येते. सूत्र इतके सरळ असल्यामुळे ते उलटही फिरवता येते, म्हणजे डिस्कवरची भरताड पाहून तिचे बीज शोधून काढता येते. आरव्हीझेडमध्ये रूपांतर होताना डॉल्फिन हेच करते : ३२ किलोबाइटांपर्यंतची भरताड टाकून त्याजागी केवळ ६८ बाइट ठेवते. आंद्रेई कोल्मोगोरोव्ह यांनी १९६५ मध्ये मांडलेला विचार इथे डोळ्यांसमोर उभा राहतो. एखाद्या ओळीतली खरी माहिती म्हणजे ती ओळ निर्माण करू शकणाऱ्या सर्वांत छोट्या प्रोग्रामची लांबी. झिपला ही भरताड अभेद्य वाटते, कारण झिप फक्त पुनरावृत्ती पाहते. ज्याला सूत्र ठाऊक आहे त्याच्या लेखी तिच्यात ६८ बाइटांपलीकडे काही नाही.

अशा रीतीने कूट उलगडून, ठसे गाळून आणि भरताडीचे बीज करून झाले की जे उरते ते गेमचे खरे चित्र, ध्वनी आणि प्रोग्राम. तेवढेच झेडस्टँडर्ड पद्धतीने आटवले जाते. आटवताना सगळ्या फाइलीची एक सलग माळ केली तर मधला एखादा प्रसंग वाचण्यासाठी पहिल्यापासून उलगडत यावे लागेल, म्हणून तिचे खंड पाडून प्रत्येक खंड स्वतंत्रपणे आटवतात. डॉल्फिनमध्ये खंडाचा आकार १२८ किलोबाइट सुचवलेला असतो. मोठा खंड अधिक आटतो, लहान खंड लवकर उघडतो. विशेष कारण नसेल तर सुचवलेला आकार बदलू नये.

प्रत्यक्ष काम करताना क्रम महत्त्वाचा आहे. डिस्कवरून आयएसओ काढली की सर्वांत आधी तिचा चेकसम नोंदीशी जुळवावा, मगच आरव्हीझेड करावी, आणि ती आरव्हीझेड पुन्हा आयएसओत उलगडून चेकसम तोच येतो हे एकदा पाहिल्याशिवाय मूळ फाइल पुसू नये. रूपांतराच्या खिडकीत भरताड काढून टाकण्याचा पर्याय दिसला तर त्याशेजारची ‘हे परत फिरवता येणार नाही’ अशी सूचना गांभीर्याने घ्यावी. कन्सोलवर खेळण्यासाठी डब्ल्यूबीएफएस प्रत लागतेच, कारण तिथले प्रोग्राम सहसा आरव्हीझेड वाचत नाहीत. ती प्रत साठवणीच्या फाइलीपासून हवी तेव्हा तयार करता येते. डब्ल्यूबीएफएसपासून साठवणीची फाइल तयार करता येत नाही.

माझ्या हातून नेमका हाच क्रम चुकला होता. डब्ल्यूबीएफएस प्रत चालते एवढे पाहून मी आयएसओ पुसली होती. भरताडीचे बीज गेमच्या ओळख-अक्षरांवरून आणि डिस्कच्या क्रमांकावरून ठरते हे पुढे वाचनात आले, आणि त्या आधारे गाळलेली भरताड नव्याने निर्माण करणारा एनकिट नावाचा प्रोग्रामही मिळाला. त्याने गेमच्या विभागातली भरताड जागच्या जागी बसवली. तरीही चेकसम जुळला नाही, कारण वीच्या डिस्कवर गेमच्या विभागाखेरीज कन्सोलची प्रणाली अद्ययावत करणारा एक वेगळा विभाग असतो आणि डब्ल्यूबीएफएस करताना तोही ‘गेमला लागत नाही’ म्हणून वगळला गेला होता. त्या विभागात खऱ्या प्रोग्रामच्या फाइली असतात. त्या कोणत्याही सूत्रातून निघत नाहीत. शेवटी कपाटातून मूळ डिस्क काढून, पुसून, ती पुन्हा वाचून घ्यावी लागली. सुरुवातीला सांगितलेल्या दोन फाइलींपैकी पहिली ती हीच.